थिबा पॅलेसची नंतरची गोष्ट पण लिहा की

संपादक साहेब, स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत आपल्या रत्नागिरीतल्या थिबा पॅलेसवरचा लेख वाचला. फोटो झकास, पण लेख १९१६ ला ब्रह्मदेशाचा (आताच्या म्यानमारचा) कैदेतला राजा थिबा वारला तिथेच थांबतो आणि एकदम आजच्या म्युझियमवर उडी मारतो. अहो मधे काय वाड्याला कुलूप होतं काय?

हिशोब बघा. १८८५ ला इंग्रजांनी त्याची राजधानी मंडाले घेतली, राजा-राणीला आधी मद्रासला नेलं आणि १८८६ ला रत्नागिरीत आणून ठेवलं, का तर इथे तेव्हा रेल्वे नाही, रस्ते धड नाहीत आणि पावसाळ्यात बोटी पण बंद, पळणार कुठे. पॅलेस बांधून झाला १९१० ला. तोवरची चोवीस वर्षं राजा बंगल्यांत राहिला आणि पॅलेसमधे जेमतेम सहा. १९१९ ला राणी सुपयालत मुलींना घेऊन ब्रह्मदेशात परत गेली, म्हणजे शंभराहून जास्त वर्षं झाली ही वास्तू आपल्याकडे आहे, आणि गाईड लोक त्यावर चकार शब्द बोलत नाहीत.

आमच्याकडे थिबा पॅलेस म्हटलं की आधी मामा आठवतो. तो इथल्या पॉलिटेक्निकला होता आणि तेव्हा कॉलेज पॅलेसमधेच भरायचं, त्यामुळे "मी राजवाड्यात शिकलोय" हे तो लग्नाच्या पंगतीत पण सांगतो, कोणी विचारो न विचारो. वरच्या मजल्यावरचा संगमरवरी फरशीचा नाचाचा हॉल, अर्धगोल खिडक्यांवरचं लाकडी कोरीवकाम हे सगळं त्या पोरांच्या रोजच्या बघण्यातलं. जुलैत वारा खाडीकडून आला की पाऊस तिरका थेट आत, मग वह्या पोटाशी धरून सगळे भिंतीला चिकटून उभे, असं तो सांगतो. आता तिथे पुरातत्त्व खात्याचं म्युझियम आहे आणि आवारात आर्ट सर्कल या संस्थेचा संगीत महोत्सव होतो, थंडीत गोधडी घेऊन गाणं ऐकायला बसलेली माणसं मी स्वतः बघितलीयत. माझं तर स्पष्ट मत आहे, वाडा एवढा उभा राहिला तो वापरात होता म्हणून. आपल्याकडे घर बंद ठेवलं की दोन पावसाळ्यात वाशांना वाळवी लागते, हे कोकणात कोणाला सांगायला नको.

आणि राजाच्या घरची गोष्ट तरी कुठे संपली? थोरली राजकन्या परत रत्नागिरीलाच आली, पॅलेसवर नोकरीला असलेल्या गोपाळ सावंतांशी तिचं जमलं होतं. १९४७ ला ती वारली तोवर इथेच, ती पण हलाखीत. तिची मुलगी टुटू, २००० साली गेली, ती तर आपल्यातलीच, मराठी बोलणारी. लेखात तिचं नाव पण नाही हो!

तर म्हणणं एवढंच, म्युझियममधे एक भिंत या नंतरच्या काळाला द्या. पॉलिटेक्निकची जुनी मंडळी आता सत्तरीच्या पुढे गेलीयत, त्यांच्याकडचे फोटो, आठवणी आत्ताच गोळा करायला हव्यात आणि तुमच्या पेपरने आवाहन केलं तर लोक नक्की देतील. मामाचा पायऱ्यांवरचा बॅचचा ग्रुप फोटो आहे, थोडी वाळवी लागलीय एका कोपऱ्याला पण चेहरे ओळखू येतात, तो मी स्कॅन करून द्यायला तयार आहे.

आपला,
एक वाचक, रत्नागिरी