जादूगाराचा कोट

चिऊ,

परवा रात्री मी "मग दुसरं लिही की, त्यात काय" म्हणालो आणि तू फोन ठेवलास. नंतर आई माझ्याशी दोन तास बोलली नाही आणि बोलली तेव्हा एवढंच म्हणाली की तुम्हाला बँकेत व्हाउचर बुक संपलं की दुसरं मिळायचं, तिला तसं मिळत नाही. बरोबर आहे तिचं. म्हणून लिहितोय, फोनवर मी परत काहीतरी बोलून बसेन.

तुझा प्रश्न होता की स्किट माझंच, कॉलेजात मीच लिहिलेलं, एका शोला एकदा वापरलं आणि आता दुसरीकडे त्यातली तीन मिनिटं घेतली तर ते चॅनेलवाले चोरी चोरी काय करतायत? दोन दिवस मी ते डोक्यात घेऊन फिरतोय आणि मला सारखा क्लाइड ब्रकमन आठवतोय. नाव ऐकलं नसशील, आमच्या फिल्म क्लबातही अर्ध्यांनी ऐकलेलं नाही. पण 'द जनरल' तू माझ्या शेजारी बसून पाहिलायस, आठवीत होतीस, रेल्वे इंजिनवाला, आणि तो पूल कोसळला तेव्हा केवढ्यांदा ओरडलीस. त्याला दिग्दर्शक म्हणून दोन नावं आहेत, मूकपटातला विनोदवीर बस्टर कीटन आणि क्लाइड ब्रकमन. तो हा.

जन्म १८९४ चा, कॅलिफोर्नियातल्या सॅन बर्नार्डिनोचा. पेपरात स्पोर्ट्सचं लिहायचा, मग सिनेमात शिरला आणि १९२१ ला कीटनकडे गॅग, म्हणजे विनोदी प्रसंग, लिहायला लागला. म्हणजे तुझंच काम गं, फक्त मुके सिनेमे. आणि तिथे लिहिणं असं फारसं नव्हतंच, कीटनकडे हातात स्क्रिप्टच नसायचं, चार पाच जण खोलीत बसायचे, सुरुवात आणि शेवट ठरला की मधलं आपोआप सुचतं असा त्याचा हिशोब. नाही सुचलं तर सगळे उठून बेसबॉल खेळायला जायचे! खरंच सांगतो, शूटिंग थांबवून, कुणालातरी काहीतरी सुचेपर्यंत. ब्रकमन तर मूळचा स्पोर्ट्सवालाच. यातूनच 'शेरलॉक ज्युनियर' आला, 'द नॅव्हिगेटर' आला. नॅव्हिगेटरची गंमत म्हणजे आधी एक जुनं भंगारात जाणारं जहाज मिळालं आणि मग हे लोक विचार करत बसले की याचं करायचं काय.

'जनरल'चं मूळ पुस्तक ब्रकमननेच कीटनला आणून दिलं, १८६२ साली अमेरिकेतल्या यादवी युद्धात खरंच पळवलेल्या इंजिनाची हकिगत. १९२६ ला ओरेगॉनमध्ये जाऊन शूटिंग केलं, खरं इंजिन खऱ्या जळत्या पुलावरून खाली नदीत टाकलं, रिटेकचा प्रश्नच नाही. आणि इतकं करून तेव्हा सिनेमा पडला, लोकांना आवडला नाही. आता सगळे डोक्यावर घेतात.

पुढे ब्रकमन स्वतःच सांगायचा की त्या गोष्टी बहुतेक बस्टरच्याच होत्या, आम्हाला उगाच पगार मिळायचा. मी यावर अर्धाच विश्वास ठेवतो. खोलीत चार जण असले की पहिलं वाक्य कोणाचं हे नंतर कुणालाच सांगता येत नाही, तुलाही माहितीय.

मग १९२७ ला हॅल रोच या निर्मात्याकडे गेला आणि लॉरेल हार्डीचा 'द बॅटल ऑफ द सेंच्युरी' केला, ज्यात रस्ताभर लोक एकमेकांना क्रीमचे पाय फेकून मारतात, पाय म्हणजे तो गोड पदार्थ हं. तीन हजार पाय वापरले म्हणतात. पण आकड्यात गंमत नाहीये, तू परत बघ तो. इन्शुरन्सच्या पैशासाठी हार्डी केळीचं साल टाकतो लॉरेल घसरावा म्हणून, घसरतो पायवाला, तो चिडून हार्डीला मारतो, मग एक भलत्यालाच लागतो, तो भलता माणूस आधी नीट तोंड पुसतो, गाडीपर्यंत चालत जातो, शांतपणे एक पाय उचलतो. घाई कुणालाच नाही. असं एकेक माणूस वाढत जातं. त्यातलं दुसरं रीळ पुढे कित्येक वर्षं पूर्ण मिळतच नव्हतं, २०१५ ला सापडलं. आणि त्याच सिनेमात बॉक्सिंग बघणाऱ्या गर्दीत एक एक्स्ट्रा पोरगा बसलाय, तो पुढचा लू कॉस्टेलो, ॲबट आणि कॉस्टेलो या विनोदी जोडीतला. लक्षात ठेव, परत येईल.

नंतर हॅरॉल्ड लॉईड, तोही विनोदी नट. १९३२ चा 'मूव्ही क्रेझी', दिग्दर्शक म्हणून नाव ब्रकमनचं. त्यात लॉईड चुकून जादूगाराचा कोट घालून पार्टीत नाचायला जातो आणि नाचता नाचता त्यातून कबुतरं, ससा, उंदीर काय काय निघत राहतं. अप्रतिम सीन आहे.

तोपर्यंत ब्रकमनची दारू फार वाढलेली. दिग्दर्शनाची कामं जायला लागली, १९३५ ला डब्ल्यू. सी. फील्ड्स या विनोदी नटाबरोबरचा एक सिनेमा केला तो शेवटचा. मग कोलंबिया स्टुडिओत थ्री स्टूजेस या विनोदी त्रिकुटाचे वगैरे छोटे सिनेमे लिहायचे. कीटनही तोवर घसरून तिथेच आलेला, १९३९ ला त्याच्यासाठीही यानेच लिहिलं. दोघं परत भेटले पण आता बेसबॉलला वेळ कुठला, एक संपला की दुसरा हवा. आणि मग याने जुनी पेटी उघडली. तो जादूगाराचा कोट १९४२ ला स्टूजेसना घातला, १९४३ ला युनिव्हर्सल स्टुडिओच्या एका सिनेमात परत, तेही जवळजवळ शॉटला शॉट. लॉईडने केस केली. १९४७ ला अपिलातही तोच जिंकला, युनिव्हर्सलला चाळीस हजार डॉलर भरपाई.

आपल्या तमाशात सोंगाड्या तीच बतावणी गावोगाव वर्षानुवर्षं करायचा, गाव बघून चार वाक्यं बदलायचा, त्याला कोण कोर्टात नेणार. मी स्वतः एकतीस वर्षं बँकेत एकच जोक सांगितला. पण फिल्मची प्रिंट राहते ना, शेजारी शेजारी लावून बघता येते, तुझ्या शोचं तर युट्यूबवर दोन मिनिटांत सापडतं. आणि कोट ब्रकमनच्या डोक्यातला असेल नसेल, सिनेमा लॉईडच्या कंपनीचा होता. कोर्ट कागद बघतं. तेव्हा तू पहिल्यांदा त्या जुन्या शोचं काँट्रॅक्ट काढ आणि स्किट त्यांच्या नावावर लिहून दिलंयस का बघ. नसेल दिलं तर मान वर करून सांग माझंच आहे म्हणून. दिलं असेल तर सॉरी म्हण आणि सोड, तीन मिनिटांचा विषय आहे.

शेवटी शेवटी ब्रकमन टीव्हीवर ॲबट आणि कॉस्टेलोसाठी लिहीत होता, म्हणजे त्या गर्दीतल्या पोरासाठी. तिथेही जुनेच गॅग. १९५५ च्या जानेवारीत, साठाव्या वर्षी, त्याने स्वतःचं आयुष्य संपवलं. हे मी गाळणार होतो, पण तू गूगल करशीलच आणि मग म्हणशील बाबाने हे का लपवलं. तुला घाबरवायला सांगत नाहीये गं. परवा तू "मी संपले बाबा" म्हणालीस, तो शब्द मला झोपू देईना, एवढंच.

मला विचारशील तर चोरी वगैरे नंतरची गोष्ट. त्याच माणसाला आधी खोलीत चार जण आणि बाहेर एक मैदान होतं, नंतर टाइपरायटर आणि तारीख. तू हल्ली घरूनच लिहितेस म्हणालीस, सगळं एकटीच, ऑफिसात जातच नाहीस. तुमचा तो कॅरमवाला ग्रुप कुठे गेला? मधल्या सुट्टीत भांडायचात तो?

रविवारी डेक्कन क्वीनने येतोय, दादरला उतरेन. त्या दोघातिघांना पण बोलव दुपारी, मी गप्प बसेन, नाहीतर 'नॅव्हिगेटर' लावू लॅपटॉपवर. बोर्डाचा स्ट्रायकर हरवला म्हणालेलीस ना, इथला घेऊन येतो, जरा कडेला फुटलाय पण चालतो.

बाबा