जोडमागाच्या पिना कोणी बांधल्या?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत काळ विणणाऱ्या मागांची कथा क्रमशः येते आहे. असल्या भाकडकथांना जागा कशाला, असं एका वाचकाने गेल्या आठवड्यात याच सदरात विचारलं होतं. माझी तक्रार उलटी आहे. भाकडकथा खुशाल छापा, पण माग तरी मागासारखा चालू द्या. मी निवृत्त जॉबर, म्हणजे माग लावणारा आणि दुरुस्त करणारा. उभी हयात सोलापूरच्या पूर्व भागातल्या कारखान्यांत मागाखाली डोकं घालून गेली, म्हणून लिहायचं धाडस करतोय.

कथा न वाचलेल्यांसाठी थोडक्यात: दोन मंतरलेले माग. एक होऊन गेलेला काळ विणतो, दुसरा यायचा. उस्तादाची सक्त मनाई असताना शागीर्द दोन्ही माग एका शाफ्टवर (फिरत्या दांड्यावर) घेतो आणि एकाच्या ताण्याचे, म्हणजे उभे, धागे दुसऱ्याच्या ताण्याला गाठतो. एक तार, म्हणजे धागा, तुटते आणि गावाचा एक अख्खा दिवस गायब होतो. कल्पना झकास आहे, वाद नाही.

पण एका शाफ्टवर माग चालवणं ही काही जादू नव्हे. आपली जुनी मिल 1877 ची. त्या काळच्या गिरण्यांत वाफेच्या इंजिनावर लांबलचक शाफ्ट फिरायचा आणि त्यावरून पट्ट्यांनी ओळीने माग चालायचे. मात्र प्रत्येक मागाला शेजारी शेजारी दोन पुल्या, एक घट्ट, एक सैल. पट्टा सैल पुलीवर सरकवला की तेवढाच माग थांबायचा. शागिर्दाने सैल पुली ठेवलेलीच नाही! आडवा धागा घेऊन धावणारा धोटा ताण्यात अडकला तर माग खाडकन थांबला पाहिजे, नाहीतर आडवा धागा ठोकून बसवणारी फणी येऊन आदळते आणि शेकडो तारा एका दमात जातात. इथे एक माग थांबू पाहतोय आणि दुसरा त्याला ओढतोय. एवढं रंगवण्यासारखं असताना लेखकाने 'मंत्र उलटला' या दोन शब्दांत गुंडाळलंय.

उस्तादाचं एक वाक्य तर मला पचलंच नाही. म्हणे, दोन्ही काळांचा ताण सारखा नसेल तर वीण बसणार नाही. सोलापूरच्या पेपरात हे छापून यावं? टॉवेलच्या मागावर दोन बीम, म्हणजे ताणा गुंडाळलेले रूळ, असतात, एक ताणा तंग, दुसरा सैल. फणी पहिले दोन बाणे, म्हणजे आडवे धागे, विणलेल्या कापडाच्या जरा अलीकडेच ठेवते आणि तिसऱ्याला पूर्ण ठोका देते. तिन्ही बाणे मिळून पुढे सरकतात, तंग ताणा जागचा हलत नाही आणि सैल ताण्याच्या कड्या उभ्या राहतात. आंघोळीनंतर अंग पुसतो ते याच कड्यांनी. गेलेला काळ तंग धरून येणारा सैल सोडला असता तर कापड नक्की उतरलं असतं. घोळ त्यानंतर झाला असता, कारण सैल ताणा तंग ताण्याच्या कित्येक पट लागतो. येणारा काळ संपला आणि गेलेला बीमवर तसाच शिल्लक, मग माग विणणार काय? लेखक महाशय, हा भाग माझ्याकडून फुकट घ्या.

जकार्डच्या, म्हणजे नक्षी विणणाऱ्या यंत्राच्या, भोकं पाडलेल्या पत्त्यांबद्दल फार लिहीत नाही. पत्त्यांची माळ गोल असते, एक पत्ता उलटसुलट ओवला गेला तर तीच चूक दर फेरीला परत येते. कथेत ती एकदाच येते, हे खटकलं.

आता मुख्य मुद्दा. दुसऱ्या भागात लेखकानेच लिहिलंय की या मागांवर प्रत्येक धाग्याला पितळी पिन लटकते, धागा तुटला की पिन पडते आणि माग बंद होतो. चौथ्या भागात धागा तुटतो आणि माग रात्रभर चालतो. याचा अर्थ पिना कोणीतरी बांधून ठेवल्या होत्या. कारखान्यात वावरलेल्यांना हे नवीन नाही. माल वेळेत द्यायचा असला की आवाज येतोच, "सारखा बंद पडायलाय बे, बांधून टाक." शागिर्दाला तर कसलीच घाई नव्हती. पहिल्या भागात कापडाचा इसार देऊन गेलेला सावकार मात्र पुढे कुठेच दिसला नाही. माझा संशय त्याच्यावर आहे. येत्या रविवारी खुलासा व्हावा, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त जॉबर, सोलापूर