संध्याकाळच्या चहाच्या जागी धण्या-जिऱ्याचा कषाय

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कोजागरी जवळ आली की पुरवण्यांमधून मसाला दुधाच्या कृती येऊ लागतात आणि पौर्णिमा सरली की दुधाचा विषय मिटतो. वर्षातले उरलेले दिवस संध्याकाळी सहाला काय प्यावं हा प्रश्न मात्र तसाच राहतो. झोप लागत नाही म्हणून, गरोदरपणात किंवा रक्त कमी आहे म्हणून ज्यांना डॉक्टरांनी चहा-कॉफी कमी करायला सांगितलेली असते, त्यांना बहुतेक जण ‘मसाला दूध घ्या’ असं सांगून मोकळे होतात. तो सल्ला आठवडाभरही टिकत नाही. ज्याला चहाची सवय असते त्याला गोड, दाट दूध नको असतं. त्याला भाजक्या वासाचं, किंचित कडवट, पातळ आणि वाफाळतं काहीतरी हवं असतं. ते पेय आपल्याकडे आहे. गोवा, कारवार आणि दक्षिण कोकणातल्या कितीतरी घरांत ते नेहमीचं आहे: धण्या-जिऱ्याचा कषाय. घाटावर काही ठिकाणी त्याच्याच जवळपासच्या पेयाला धण्याची कॉफी म्हणतात. तिच्यात कॉफीचा दाणाही नसतो.

आधी कॅफीनविषयी. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने 2024 साली काढलेल्या आहार मार्गदर्शिकेनुसार 150 मिलिलिटर चहात 30 ते 65 मिलिग्रॅम आणि तेवढ्याच इन्स्टंट कॉफीत 50 ते 65 मिलिग्रॅम कॅफीन असतं, आणि दिवसभराची मर्यादा 300 मिलिग्रॅमची आहे. पोटात गेलेलं कॅफीन निम्म्यावर यायला निरोगी माणसालाही साधारण पाच तास लागतात, गरोदरपणात त्याहून बरेच जास्त. म्हणजे सहाच्या चहातलं अर्धं कॅफीन रात्री अकरालाही अंगात असतं. ‘आम्ही मुलांना चहा देत नाही, चॉकलेटचं दूध देतो’ असं म्हणणाऱ्यांनी डब्यावरची घटकांची यादी वाचावी. कोको असेल तर थोडं का होईना कॅफीन आहेच. चिकोरीच्या मुळात कॅफीन नसतं, पण बाजारातली ‘चिकोरी कॉफी’ म्हणजे बहुधा कॉफी आणि चिकोरीचं मिश्रण असतं. उलट गवती चहाला नावापुरतंच चहा म्हणतात. ते गवत आहे, त्यात कॅफीन नाही. चहा पावडर न टाकता तो बेधडक वापरावा.

आता पूड. धणे 100 ग्रॅम, जिरे 50, बडीशेप 25, मिरे 10, सुंठ 10 आणि वेलची 5 ग्रॅम. लक्षात ठेवायला सोपं आहे: धण्यांच्या निम्मे जिरे, जिऱ्यांच्या निम्मी बडीशेप. जेमतेम 200 ग्रॅम पूड होते. कपाला चहाचा एक सपाट चमचा, म्हणजे सुमारे दोन ग्रॅम धरले, तर चार माणसांच्या घराला रोज एकेक कप याप्रमाणे ती तीन-साडेतीन आठवडे पुरते. त्याहून जास्त करून ठेवू नये, कारण महिन्यानंतर वास उतरतो आणि मग चमच्याचे दोन चमचे होतात. चहाचा कडवटपणा फारच आठवत असेल तर अर्धा चमचा मेथी लालसर भाजून यात घालावी. त्याहून जास्त घातली तर दूध औषधासारखं लागतं.

कषाय बिघडतो तो बहुतेक वेळा भाजण्यात. ‘आमटीच्या मसाल्यासारखा वास येतो’ ही नेहमीची तक्रार खरी असते. तिचं कारण धणे कच्चे राहणं किंवा जिऱ्यांचा हात सैल सुटणं. सगळे जिन्नस एकदम कढईत टाकले की जिरे करपतात आणि धणे कच्चेच राहतात, कारण धण्याचा दाणा पोकळ आणि मोठा, तर जिरं बारीक असतं. म्हणून प्रत्येक जिन्नस वेगळा भाजायचा. जाड बुडाची कढई मंद आचेवर तापवून धणे चार-पाच मिनिटं सतत हलवत भाजावेत. रंग एक छटा गडद होतो, हिरवट वास जाऊन खमंग वास येतो आणि दाणा बोटांनी चुरडला की कट्‌कन मोडतो. तिथे थांबावं. जिऱ्यांना दीड-दोन मिनिटं पुरतात, बडीशेपेला एक. मिरे नुसते गरम होईपर्यंत परतावेत. वेलची भाजू नये, तिचा सुगंध उडून जाणाऱ्या तेलात असतो. गॅस बंद केल्यावर गरम कढईत ती क्षणभर ठेवली की सालं कुरकुरीत होतात आणि सालासकट दळता येते. भाजलेलं लगेच ताटात पसरावं, कारण कढईत राहिलं तर आच बंद केल्यावरही ते भाजत राहतं. करपलेली खेप गूळ वाढवून सुधारत नाही. ती टाकून द्यावी.

दळण्याआधी जिन्नस पूर्ण गार हवेत. सुंठेचे तुकडे आधी खलबत्त्यात फोडावेत, नाहीतर मिक्सरच्या पात्यांची वाट लागते. मिक्सर थांबत थांबत फिरवावा आणि पूड रव्याइतकी भरड ठेवावी. पिठासारखी झाली तर ती गाळणीतून खाली उतरते, कपाच्या तळाशी चिखल साचतो आणि शेवटचे दोन घोट घशाला लागतात. कोमट पूड बरणीत भरून झाकण लावलं तर आतून दमटपणा धरतो आणि चार दिवसांत गुठळ्या होतात. काचेची कोरडी बरणी, कोरडा चमचा, आणि जागा गॅसच्या शेजारची नको.

दोन कप कषायासाठी 200 मिलिलिटर पाणी उकळत ठेवावं, दोन सपाट चमचे पूड घालावी आणि मंद आचेवर पाच मिनिटं उकळू द्यावं. पाण्यात उकळण्याची ही पायरी टाळून पूड थेट दुधात घालणं ही दुसरी मोठी चूक. दुधात अर्क नीट उतरत नाही, पूड सायीत अडकते आणि दूध उतू जाईल या भीतीने आपण दोन मिनिटांतच आच बंद करतो. पाच मिनिटांनी पाणी आटून 150-160 मिलिलिटर राहतं, त्यात 150 मिलिलिटर दूध ओतावं. एक उकळी आली की गॅस बंद करून गाळावं. दूध टोन्ड, म्हणजे 3 टक्के स्निग्धांशाचं, चालतं आणि माझ्या मते तेच बरं. 6 टक्क्यांच्या फुल क्रीम दुधात धण्यांचा भाजकेपणा झाकला जातो आणि पुन्हा ते मसाला दूधच लागतं.

गूळ उकळत्या दुधात घालू नये, हे ठळक अक्षरांत छापावं असं मनापासून वाटतं. गुळात थोडी आम्लं आणि क्षार असतात, जुन्या किंवा दमट झालेल्या गुळात आंबटपणा आणखी वाढलेला असतो. तापलेलं दूध एरवीपेक्षा फारच थोड्या आंबटपणाने फाटतं. गॅस बंद केल्यावर मिनिट-दोन मिनिटं थांबून कपात गूळ घ्यावा आणि वरून गाळलेला कषाय ओतून ढवळावं. कपाला चिरलेला गूळ दीड ते दोन चमचे. गुळात खडे किंवा चिपाडं असतील तर तो थोड्या पाण्यात विरघळवून, गाळून वापरावा. इतकं करूनही फाटलं तर दोष बहुधा दुधाचा असतो. शंका असेल तेव्हा चमचाभर दूध वेगळं उकळून पाहावं, म्हणजे अख्खं भांडं वाया जात नाही.

ओल्या आल्याचंही असंच. आल्यात दुधातली प्रथिनं तोडणारं विकर असतं आणि ते साठ-सत्तर अंशांच्या आसपास, म्हणजे दूध चांगलं गरम असतं तेव्हा, सर्वांत जोरात काम करतं. उकळीने ते निकामी होतं. म्हणून किसलेलं आलं कोमट किंवा गरम दुधात पडलं की दूध नासतं, पण तेच आलं आधी पाण्यात खळखळून उकळलं की काही होत नाही. ज्या कृतीत सुंठेऐवजी आलं सुचवलेलं असतं तिच्यात ही ओळ हवीच.

ज्यांना दूध पचत नाही त्यांच्यासाठी कोकणात नारळाचं दूध आहेच, पण ते उकळायचं नाही. गाळलेला गरम अर्क कपात घेऊन त्यात दाट नारळाचं दूध तीन-चार चमचे घालावं. गॅसवर ठेवलं की ते फुटतं आणि तेल वर येतं.

कोजागरीच्या दुधाबद्दल थोडक्यात. एक लिटर फुल क्रीम दूध मंद आचेवर पाऊण लिटर होईपर्यंत आटवावं. दूध ओतण्याआधी पातेलं पाण्याने विसळून घेतलं की बुडाला कमी लागतं. साखर 60 ग्रॅम पुरते आणि ती आटवून झाल्यावरच घालावी. आधी घातली की दूध बुडाला लवकर धरतं आणि आटल्यावर गोडी अंदाजापेक्षा वाढते. केशर कोमट दुधात वीस मिनिटं भिजवून घालावं, वेलची गॅस बंद करताना. जायफळ मात्र किसणीवर दोन-तीन वेळा घासलं तेवढंच. झोप येते म्हणून अर्धा चमचा घालणारे आहेत. एक अख्खं जायफळ साधारण पाच ग्रॅमचं भरतं आणि तेवढं पोटात गेलं तर भोवळ, उलट्या, भास इथपर्यंत मजल जाते. मुलांच्या दुधात ते घालूच नये.

ज्येष्ठमधाची काडी कषायात उकळायची पद्धत आहे आणि चवीला ती सुरेख लागते, पण ज्यांचा रक्तदाब जास्त आहे त्यांनी ती रोज घेऊ नये. ज्येष्ठमधाने रक्तदाब वाढतो आणि पोटॅशियम कमी होतं. पित्ताचा त्रास असलेल्यांनी मिरे निम्मे करून बडीशेप वाढवावी. मधुमेह असेल तर गूळही साखरच आहे हे विसरू नये. अशांनी कषाय बिनगोडाचा प्यावा, बडीशेपेची अंगची गोडी तेव्हाच जाणवते. लोहाची गोळी चालू असलेल्यांनी गोळी आणि हे पेय एकत्र घेऊ नये. चहातल्या टॅनिनप्रमाणे दुधातलं कॅल्शियमही लोहाच्या शोषणात आडवं येतं. दोन्हींत दोन तासांचं अंतर ठेवावं.

आपल्या पुरवणीत दुधाच्या कृती छापताना गूळ आणि आलं कधी घालायचं ते स्पष्ट लिहावं आणि कोको असलेल्या पेयाला ‘कॅफीनविरहित’ म्हणू नये, एवढी विनंती. जागा मिळाली तर वरचं पुडीचं प्रमाण चौकटीत द्यावं. ऑक्टोबरची वाट पाहायची गरज नाही, पावसाळ्यात ते जास्त उपयोगी पडेल.

आपली विश्वासू,
एक नियमित वाचक, सावंतवाडी