‘चिप लहान आहे’ हे कारण मला मान्य नाही

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहक सेवा विभाग

विषय: टीव्हीला जोडायच्या गेम स्टिकमधील दोष, दिशाभूल करणारी जाहिरात आणि पैसे परत मिळण्याबाबत

महोदय / महोदया,

‘4के, 10,000 गेम, दोन वायरलेस रिमोट’ अशी जाहिरात पाहून मी आपल्याकडून 2,499 रुपयांना गेम स्टिक मागवली. पावतीची प्रत सोबत जोडली आहे. स्टिक ठाण्याला घोडबंदर रोडवरच्या माझ्या घरी वेळेत आली, पॅकिंगही चांगले होते. तक्रार पुढची आहे.

गेम अडखळतात आणि बटण दाबल्यावर उशिरा हलतात असे मी कळवले, तेव्हा आपल्या ग्राहक सेवेने मला व्हॉट्सअ‍ॅपवर उत्तर दिले: ‘मॅडम, जुने गेम आहेत, छोटी चिप आहे, या किमतीत एवढंच चालणार.’ हे वाचून मला खरा राग आला. वस्तू स्वस्त आहे हे मला माहीत आहे. पण हे गेम चालवायला मोठी चिप लागतच नाही, आणि ते मी खाली सविस्तर लिहिते आहे.

1980 सालच्या पॅकमॅन या गेमच्या मशीनमध्ये झेड80 प्रोसेसर होता, वेग जेमतेम 3 मेगाहर्ट्झ. कॅपकॉम या गेम कंपनीच्या सीपीएस-1 या गेम मशीनच्या बोर्डवरचा 68000 प्रोसेसर 10-12 मेगाहर्ट्झचा. इम्युलेटरला, म्हणजे जुन्या मशीनची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरला, त्या जुन्या प्रोसेसरची एकेक सूचना नव्या चिपच्या भाषेत उलगडून चालवावी लागते. एकाच्या जागी अनेक सूचना खर्च होतात, हे मान्य. तरीही मेम हा इम्युलेटर फेब्रुवारी 1997 मध्ये आला तेव्हाच्या पेंटियम संगणकांवर पॅकमॅन उत्तम चालत होता. आपल्या माहितीपत्रकात ‘चार कोर, 1.2 गिगाहर्ट्झ’ असे छापले आहे, म्हणजे 1,200 मेगाहर्ट्झ. 2016 सालच्या रास्पबेरी पाय 3 या छोट्या संगणकाचेही नेमके हेच आकडे आहेत. तो बोर्ड माझ्या भावाकडे आहे आणि त्यावर हे गेम झकास चालतात. मग माहितीपत्रक तरी खोटे, नाहीतर आत भरलेले सॉफ्टवेअर तरी कुणीही नीट न बघता भरलेले. यातले कोणते खरे, हे आपण लेखी कळवावे.

आता प्रत्यक्ष दोष. आम्ही घेतली ती मुख्यतः कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्ससाठी. 1993 चा हा गेम ठाण्यात काय नि सगळ्या मुंबईत काय, ‘मुस्तफा’ म्हणूनच ओळखला जातो. नौपाड्यातल्या गल्लीत व्हिडिओ गेमचे पार्लर होते तेव्हा मुली तिथे फारशा जात नसत. मी भावाचा हात धरून जायची आणि पिवळ्या टोपीचा मुस्तफा माझाच असायचा. त्याची धावत येऊन मारलेली लाथ कधी बसते हे माझ्या बोटांना पाठ आहे. आपल्या स्टिकवर ती लाथ बसत नाही. बटण दाबले की मुस्तफा आधी उभा राहतो, मग हलतो, तोवर समोरच्याने सुरा मारलेला असतो.

हा माझा भास नाही. फोनच्या स्लो मोशनमध्ये, सेकंदाला 240 फ्रेमने, अंगठा आणि टीव्हीचा पडदा एकाच दृश्यात घेऊन मी चित्रण केले. बटण खाली गेल्यापासून पाय उचलेपर्यंत 36 फ्रेम जातात, म्हणजे सुमारे 150 मिलिसेकंद. मूळ गेम सेकंदाला साधारण 60 चित्रे दाखवतो, त्या हिशेबाने हा नऊ चित्रांचा उशीर झाला. ‘टीव्ही बदलून बघा’ असे आपल्या प्रतिनिधीने सुचवले होते. टीव्हीचा गेम मोड, म्हणजे उशीर कमी करणारी सोय, चालूच होती. त्याच टीव्हीवर, त्याच एचडीएमआय पोर्टला रास्पबेरी पाय लावला तर हा उशीर निम्म्याहून कमी होतो. तिथे वायरची जॉयस्टिक होती, म्हणून तीच जॉयस्टिक मी आपल्या स्टिकच्या यूएसबी पोर्टलाही लावून पाहिली. फरक नगण्य. म्हणजे दोष टीव्हीचाही नाही आणि फक्त रिमोटचाही नाही, तो स्टिकच्या आत आहे. दोन्ही चित्रफिती सोबत पाठवल्या आहेत, कृपया आपल्या तांत्रिक विभागातल्या कुणीतरी त्या खरोखर पाहाव्यात.

दुसरा दोष फ्रेमस्किपचा. वेग टिकून आहे असे भासावे म्हणून आपण प्रत्येक गेममध्ये एकाआड एक चित्र गाळले आहे, आणि सेटिंगमध्ये ते बंद करायची सोयही ठेवलेली नाही. यात नुसती चाल झटके खात नाही, गेमच बिघडतो. जुन्या कितीतरी गेममध्ये एक जीव गेल्यावर आपला खेळाडू काही क्षण लुकलुकतो, म्हणजे एका चित्रात दिसतो, पुढच्यात नसतो. नेमकी दिसणारी चित्रेच गाळली गेली तर तो पडद्यावरून नाहीसाच होतो. विमानांच्या गेममध्ये माझ्या भाच्याचे विमान असे गायब व्हायचे आणि परत दिसेपर्यंत गोळीवर आदळलेले असायचे. त्याला वाटले आपल्यालाच खेळता येत नाही, रिमोट ठेवून तो उठून गेला. दहा वर्षांच्या पोराला असे वाटावे, हे मला फार लागले.

पॅकमॅन आणि गॅलागा हे उभ्या पडद्याचे गेम. पॅकमॅनचे मूळ चित्र 224 बाय 288 ठिपक्यांचे, उभे. आपण ते आडव्या टीव्हीवर या कडेपासून त्या कडेपर्यंत ताणले आहे. गोल पॅकमॅन लांबट झाला आहे आणि आडव्या गल्ल्या उभ्या गल्ल्यांपेक्षा लांब वाटतात, त्यामुळे वळणाचा अंदाज चुकतो. दोन्ही बाजूंना काळी जागा सोडली असती तर काम भागले असते. त्याला चिपची ताकद लागत नाही.

‘4के’बद्दल एवढेच: स्टिक लावून टीव्हीची माहिती उघडली तर 1280 बाय 720 असे दिसते. गेमची मूळ चित्रे याहून कितीतरी लहान असल्याने 720 ने माझे काहीच अडत नाही. पण मग डब्यावर 4के कशासाठी छापले?

‘10,000 गेम’ हीसुद्धा अशीच गोष्ट. मुस्तफाचाच गेम यादीत अमेरिकी, जपानी आणि जागतिक आवृत्ती म्हणून वेगवेगळ्या नावांनी येतो आणि प्रत्येक वेळी मोजला जातो. असे बहुतेक सगळ्या प्रसिद्ध गेमचे आहे. कित्येक नावे उघडली की काळा पडदा येतो आणि परत यादी. मेमच्या प्रत्येक आवृत्तीला तिच्याशी जुळणाऱ्या रॉम फायली, म्हणजे मूळ गेमच्या फायली, लागतात. आपल्या स्टिकवर 2003 सालची आवृत्ती आहे आणि फायली कुठून कुठून गोळा केलेल्या दिसतात. यादी एकदा उघडून तपासली असती तर हे विकण्याआधीच कळले असते.

टेकन 3 चे चित्रही डब्यावर आहे. 1997 चा तो त्रिमितीय गेम या चिपला जड जाईल हे मी समजू शकते, त्याबद्दल माझी तक्रार नाही.

मात्र एक प्रश्न विचारल्याशिवाय राहवत नाही. मेमच्या त्या जुन्या आवृत्तीच्या परवान्यात ती व्यापारासाठी वापरायला मनाई आहे. मेमचा बहुतांश भाग मुक्त परवान्याखाली आला तो 2016 मध्ये. हे सॉफ्टवेअर लोकांनी वर्षानुवर्षे विनामूल्य घडवले, जुने गेम विस्मरणात जाऊ नयेत म्हणून. त्यांचे काम आणि कॅपकॉम, नामको या कंपन्यांचे गेम विकायचा परवाना आपल्याकडे आहे का? असल्यास त्याची प्रत पाठवावी. नसल्यास मी पैसे नेमके कशाचे मोजले, हे मला ग्राहक म्हणून कळले पाहिजे.

माझी मागणी अशी. स्टिक परत घेऊन पूर्ण 2,499 रुपये द्यावेत. ज्यांना स्टिक ठेवायची आहे त्यांच्यासाठी फ्रेमस्किप बंद करता येईल आणि चित्राचे मूळ प्रमाण राखता येईल असे अपडेट काढावे. जाहिरातीतून ‘4के’ आणि ‘10,000’ काढून खरे आकडे लिहावेत.

ई-कॉमर्सच्या 2020 च्या नियमांनुसार तक्रारीची पोच 48 तासांत आणि निवारण एका महिन्यात होणे बंधनकारक आहे. व्हॉट्सअ‍ॅपवरचा अंगठा मी पोच म्हणून धरणार नाही. मुदतीत उत्तर न आल्यास 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर आणि त्यानंतर ठाणे जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन. ग्राहक संरक्षण कायदा, 2019 प्रमाणे मी राहते तिथेच तक्रार दाखल करता येते, आणि एवढ्या रकमेला शुल्कही नाही.

स्टिक, दोन्ही रिमोट, कार्ड आणि वायर मूळ डब्यात भरून ठेवले आहे. संध्याकाळी सातनंतर किंवा रविवारी मी घरी असते. माणूस पाठवताना आधी फोन करावा आणि वस्तू नेल्याची सही-शिक्क्यासह पावती द्यावी.

आपली,
एक ग्राहक
घोडबंदर रोड, ठाणे (पश्चिम)