आपला म्हातारा

रविवार, रात्री

प्रिय बाळ्या,

परवा फोनवर तू अर्धा तास बोललास आणि मी नुसता हुं हुं करत राहिलो. काय बोलायला हवं होतं ते फोन ठेवल्यावर सुचलं, म्हणून हे पत्र. हसू नकोस, पण तुझं ऐकताना मला सारखा आपला म्हातारा आठवत होता. 'फेअरी टेल'मधला मकारोव.

होस्टेलचं शेवटचं वर्ष, माझा घरघरणारा लॅपटॉप, एका कॉटवर पाच जण आणि 'फेअरी टेल': जादूगारांच्या एका गिल्डची, म्हणजे संघाची, जपानी कार्टून मालिका, आणि मकारोव त्या गिल्डचा मास्टर, म्हणजे प्रमुख. हिरो माशिमाचा मूळ मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, २००६ ला सुरू झाला आणि २०१७ ला, ६३ खंडांनंतर संपला. तोवर आपल्या नोकऱ्या लागल्या, लग्नं झाली. कॉटवरच्या बाकी सगळ्यांना नात्सू व्हायचं होतं, आग गिळणारा तो हिरो. तू एकटाच म्हणायचास, मला ते म्हातारं आवडतं. टकलं, कमरेएवढं, काउंटरवर बसून दारू ढोसणारं. चिडलं की जादूने राक्षसाएवढं होऊन छपराच्या वर जाणारं. आता तू मुख्याध्यापक झालास. भोग.

संस्थेकडून रोज खुलासा मागणारं पत्र येतं म्हणालास ना? मग सुरुवातीचा तो प्रसंग आठव. मॅजिक कौन्सिलकडून, म्हणजे जादूगारांवरच्या सरकारी मंडळाकडून, गिल्डच्या पोरांविरुद्ध तक्रारींची चळत आलेली. म्हातारा कठड्यावर उभा राहून एकेकाचं नाव घेऊन वाचतोय: ग्रे गावातून उघडा फिरला, काना नावाच्या पोरीने दारूचं बिल कौन्सिलच्या नावावर फाडलं, नात्सूने तर काय काय पाडलं त्याची गणतीच नाही. सगळे माना खाली घालून उभे. आणि हा ती चळत पेटवतो आणि भिरकावून देतो. नात्सू उडी मारून ती आग गिळतो. वरच्यांना घाबरून जादू वाढत नाही, असं काहीसं म्हणतो तो पुढे. तू कागद जाळू नकोस, ते फाइलला लाव. पण एक बघ: पेटवण्याआधी त्याने प्रत्येक तक्रार वाचली होती. कुणी काय केलं ते त्याला तोंडपाठ होतं.

फँटम लॉर्ड या दुश्मन गिल्डवाले रात्री येऊन गिल्डची इमारत लोखंडी खांब खुपसून चाळण करून गेले, तेव्हा पोरं भडकली आणि हा तळघरात बसून पीत होता. रिकाम्या इमारतीवर हात उचलणाऱ्यांकडे काय लक्ष द्यायचं, म्हणाला. दुसऱ्या दिवशी त्यांच्या मॅग्नोलिया गावच्या बागेत गिल्डची तीन पोरं, लेव्ही, जेट आणि ड्रॉय, झाडाला ठोकलेली सापडली. त्याच्या हातातली काठी चुरा झाली. दारूचा गुत्ता पुन्हा बांधता येईल, म्हणाला, पण पोरांचं रक्त बघून कुठला बाप गप्प बसेल? आपल्या खोलीत त्या वेळी कुणी श्वास घेतला नव्हता.

हे सगळं तुला माहीत आहे. मला लिहायचंय ते पुढचं आहे.

गावभरच्या अनाथ, पळून आलेल्या, वाया गेलेल्या पोरांचा बाप झालेल्या या माणसाला स्वतःचा मुलगा सांभाळता आला नाही. इव्हानला त्याने गिल्डमधून हाकललं. आणि नातू लॅक्सस? त्याचं दुखणं एवढंच की काहीही करून दाखवलं तरी लोक म्हणणार, हा मकारोवचा नातू ना, मग येणारच. तू परवा सहज बोलून गेलास की धाकट्याला वर्गात कुणी नावाने हाक मारत नाही, 'सरांचा मुलगा' म्हणतात, आणि तो हल्ली घरी बोलत नाही. तू लगेच दहावीच्या निकालावर गेलास. मी तिथेच अडकलो.

लॅक्ससने शेवटी स्वतःच्याच गिल्डवर फेअरी लॉ नावाची जादू टाकली. जादू करणारा मनातून ज्यांना शत्रू मानतो त्यांनाच ती लागते. कुणाला ओरखडाही आला नाही. तोंडाने काहीही बोलत होता, आतून सगळे त्याचेच होते. तरी म्हाताऱ्याने त्याला काढलंच. नियम म्हणजे नियम. मग त्या रात्रीची मिरवणूक: म्हातारा आणि मागे सगळं गिल्ड, एक बोट आभाळाकडे. तू दिसला नाहीस, कितीही लांब गेलास, तरी माझं तुझ्याकडे लक्ष आहे. ही खूण लहानपणी लॅक्ससनेच आजोबाला शिकवली होती. गर्दीच्या कडेला उभं राहून तो धिप्पाड गडी रडतो. आपल्यातला कोण रडला होता ते इथे लिहीत नाही.

पण मला आता वयाने वाटतं, बोट वर करण्यापेक्षा म्हातारा चार पावलं चालत त्याच्यापर्यंत गेला असता तर? लॅक्ससला परत घेतलं ते त्याने नाहीच. पुढे गिल्डमधल्याच गिल्डार्ट्स या जादूगाराला पाचवा मास्टर केलं, तो एक चिठ्ठी लिहून पळाला: लॅक्ससला गिल्डमध्ये घ्या आणि मकारोवला सहावा मास्टर करा. आजोबाला जे जमलं नाही ते त्या भटक्याने दोन ओळींत उरकलं. बाकी म्हाताऱ्याची खुर्ची काही सुटली नाही बघ. तिसरा तोच, सहावा तोच, आठवाही तोच!

अल्वारेझ या शत्रू साम्राज्याशी झालेल्या युद्धात जीव पणाला लावून तो फेअरी लॉ टाकतो आणि तसाच उभ्याने जातो. तिथेच संपायला हवा होता, हे माझं मत अजून कायम आहे. परत आणलं ते मला पटलेलं नाही. तू तेव्हा म्हणाला होतास, व्हीलचेअरवर का होईना, पोरांना दिसायला हवा. त्यावरून आपण आठवडाभर बोलत नव्हतो.

एवढं लांबवलं. धाकट्याला शनिवारी माझ्याकडे पाठवशील? नाहीतर तूच घेऊन ये, पण शाळेची बॅग घरी ठेवून ये. जुनी हार्डडिस्क मी शोधून ठेवलीय, चालते अजून, फक्त केबल जरा धरून ठेवावी लागते. वहिनींना नमस्कार.

तुझा,
पम्या

ता. क. मेसचे दोनशे चाळीस रुपये तुझ्याकडे अजून बाकी आहेत.