सायलीला, वाड्यावर निघण्याआधी

कोल्हापूर

चि. सायली, अनेक आशीर्वाद.

तुझा हात भाजल्याचं संदीपकडून कळलं. आरतीला आला होता, सहज विचारून गेला, "ताईचा हात बरा आहे ना आता?" तुझी आई आत मोदक काढत होती, तिनं ऐकलं नाही. मी रागावलेलो नाही. फोनवर तू नुसतं "हो बाबा, हो बाबा" करतेस, म्हणून लिहितोय.

तुमचं सेट उभारायचं काम मला अगदीच अनोळखी नाही, नाटकाचे पडदे मीही रंगवलेत. थर्माकोल, प्लाय, थिनर आणि वरून दिव्यांची धग. १९८९ साली म्हैसूरच्या प्रीमियर स्टुडिओत टिपू सुलतानवरच्या मालिकेचा सेट पेटला, ६२ माणसं गेली. भिंतींना गोणपाट लावलेलं, वायरिंग ढिलं. आर. के. स्टुडिओत २०१७ साली आग लागली तेव्हा तर तू मुंबईतच होतीस. या मोठ्या जागा. तुमच्या पिक्चरला बजेट नाही, हे तू हसत सांगतेस, पण आग बजेट विचारून लागत नाही गं.

असो. हे लिहायचंच नव्हतं.

तुझा तो हॉस्पिटलचा पिक्चर मोबाइलवर पाहिला. आईनं मध्येच उठून दिवा लावला. मी भूत बघतच नव्हतो, भिंत बघत होतो. काय ओल उतरलीय त्या भिंतीवर! खाली पोपडे, मध्ये शेवाळी झाक. पुढे पोलीस चौकी आली आणि मी हसलो. सेटच्या भिंतींचे तेच फ्लॅट, उलट्या बाजूनं रंगवलेले. खिडकीच्या गजांवरून ओळखले, दुसऱ्या कुणाला कळायचे नाहीत. तुझं नाव इतकं भरभर गेलं की थांबवून आईला दाखवावं लागलं. प्रॉडक्शन डिझायनर म्हणजे काय ते समजावताना मी बाबूराव पेंटरांवर घसरलो आणि ती झोपली. पण खरंच, रंगवलेले पडदे बाजूला सारून भरीव सेट उभे केले ते आपल्या कोल्हापूरच्या याच माणसानं. १९२० च्या 'सैरंध्री'तला कीचकवध इतका खरा वाटला की सेन्सॉरनं कापायला लावला. आत्या विचारत होती, सायली चांगले पिक्चर कधी करणार? तिला हेच ऐकवलं.

सातवीच्या गॅदरिंगला तू काकवीत कुंकू कालवून रक्त केलं होतंस. मुंग्या लागल्या, तरी पडदा पडेपर्यंत मढं होऊन पडून राहिलीस. आजी महिनाभर ते गावाला सांगत होती. मलाही कौतुकच होतं. आता भाजल्या हातानं तू दिवस पुरा केलास असं संदीप म्हणाला, तेव्हा मुंग्याच आठवल्या.

कोकणातला तो वाडा लाकडी आहे म्हणालीस. माळ्यावर पेंढा असला तर आधी काढायला लाव. तुम्ही खरे कंदील लावणार, त्यात धुराचं मशीन चालू. खरा धूर निघाला तर कळणार कुणाला? सगळे म्हणतील, सीन छान दिसतोय. मागच्या दारापुढे सेटवरच्या सामानाची खोकी रचू देऊ नकोस, थिनरचे डबे रात्री बाहेर पडवीत. निर्माता कुरकुरला तर कुरकुरू दे. सेटिंगची पोरं तुझ्या भरवशावर तिथंच झोपतात.

झालं, पुन्हा मास्तर झालो. माफ कर. तुला हे माझ्यापेक्षा जास्त कळतं, ठाऊक आहे मला. पण मागचं दार एकदा स्वतः उघडून बघ.

आधीच्या पिक्चरचे पैसे आले का? प्लायवाल्याचं बिल तू पदरचं भागवलंस असंही कानावर आलंय. ते दिवाळीला बोलू, आत्तापासून तोंड पाडू नकोस.

आणि ती ओल कशी केलीस ते कळव. माझ्या मते चहाचा चोथा आणि फेव्हिकॉल. पण मग हिरवा कशानं आणलास?

तुझे,
बाबा