सेसिलियाची गाणी माझ्या शेजारी बसून ऐकणाऱ्या बाईंना

सेन्योरा,

तुमचं नाव मी इथे लिहीत नाही, माद्रिदमधल्या तुमच्या ग्रंथालयाचंही नाही. तसं आपलं ठरलं होतं. निघताना मी आभार मानले तेव्हा तुम्ही म्हणालात, यात आभार कसले, हे माझं कामच आहे. ते तुमचं काम नव्हतं, हे मला पक्कं माहीत आहे. ज्यांचं ते काम होतं त्यांना मी आधी भेटून आले होते.

तुम्हाला स्पॅनिशमधूनही लिहीनच. पण आधी मराठीत लिहिते आहे, कारण माझी माणसं मराठीत वाचतात आणि तुम्ही माझ्याशी कशा वागलात हे त्यांना कळायला हवं.

तुमच्या दारात मी आले ती बरीच खचून. एका विद्यापीठातल्या प्राध्यापकांनी माझा विषय, स्पेनची गायिका सेसिलिया, ऐकला आणि घड्याळाकडे पाहिलं. पॉप गाणारी बाई, सत्ताविसाव्या वर्षी गेली, तिच्यावर मराठीत लिहून वाचणार कोण, असं त्यांनी विचारलं. उत्तर ऐकायला मात्र ते थांबले नाहीत. एका संग्रहालयाच्या खिडकीवर सांगितलं, अर्ज ठेवून जा, कळवू. त्यांनी कधीच काही कळवलं नाही. आणखी एका ठिकाणी कुणी मान वर न करताच म्हणालं, हे सगळं इंटरनेटवर आहे की. इंटरनेटवर तारखा आहेत, त्या माझ्याजवळही होत्या. खरं नाव एवान्खेलीना सोब्रेदो, जन्म 1948, माद्रिदजवळ एल पार्दो इथे. वडील राजनैतिक अधिकारी, म्हणून लहानपण अमेरिका, जॉर्डन असं देशोदेशी गेलेलं. सायमन आणि गारफंकल या अमेरिकन गायक-जोडीच्या एका गाण्यावरून घेतलेलं ‘सेसिलिया’ हे नाव. 1972 ते 1975 या काळात तीन एलपी. एवढ्यावर लेख उभा राहत नव्हता. ती गात होती तेव्हा घराघरांत काय होत होतं, लोक ती गाणी दार लावून ऐकत की उघडं ठेवून, हे मला विचारायचं होतं आणि विचारायला माणूस मिळत नव्हतं.

तुमच्या काउंटरवरही मी जुन्या मासिकांची चौकशी करायलाच आले होते. ‘सेसिलिया’ म्हटल्यावर तुम्ही यादी शोधायला संगणकाकडे वळाल असं मला वाटलं. तुम्ही उठलात. काउंटरचं छोटं दार उघडून बाहेर आलात, भिंतीजवळची खुर्ची उचलून माझ्या टेबलापाशी आणलीत आणि माझ्या शेजारी बसलात. समोर नाही, शेजारी. मग म्हणालात, ‘आधी सांगा, तुम्हाला तिचं कुठलं गाणं आवडतं?’

सेन्योरा, त्या प्रश्नाने माझा गळा दाटून आला. मी पाणी प्यायचं निमित्त केलं, ते तुमच्या लक्षात आलं असणार. त्या दिवसापर्यंत मला लोकांनी विचारलं ते ओळखपत्र, संस्थेचं पत्र, अर्जाचा क्रमांक. जिच्यावर लिहायचं तिचं कोणतं गाणं आवडतं, हे कुणालाच विचारावंसं वाटलं नव्हतं.

मी व्हायोलेटच्या फुलांचं गाणं सांगितलं. दर वर्षी 9 नोव्हेंबरला एका बाईला चिठ्ठीशिवाय फुलांचा गुच्छ येतो. ती त्या अनोळखी माणसाच्या आशेवर जगते. आणि गुच्छ पाठवणारा असतो तिचाच रागीट, अबोल वाटणारा नवरा. पुण्यात स्पॅनिश शिकताना मी ते पहिल्यांदा ऐकलं आणि साधं गोड प्रेमगीत समजून गुणगुणत राहिले. तुम्ही म्हणालात, गोड आहेच, पण त्या बाईला घरात इतकं एकटं का वाटतं ते बघा. तिथून तुम्ही बोलत गेलात आणि मी वही मिटून ऐकत राहिले.

पहिल्या एलपीच्या वेष्टनावर ती हातात मुष्टियोद्ध्याचे हातमोजे घालून दिसते. त्या काळी गायिकांचे फोटो कसे असत आणि ते वेष्टन दुकानाच्या काचेत कसं दिसलं असेल, हे तुम्ही हातवारे करून दाखवलंत. त्याच एलपीतलं ‘दामा, दामा’ लागलं की तुमच्या आईच्या मैत्रिणी आधी हसत, मग गप्प होत. नेमाने देवळात जाणारी आणि आतून वेगळंच जगणारी प्रतिष्ठित बाई त्या गाण्यात आहे, आणि प्रत्येकीला ती शेजारची वाटे. मासिकांमधून मला हे मिळालं नसतं.

दुसऱ्या एलपीच्या नावाची गोष्टही तुमच्याकडूनच नीट समजली. ‘मी लग्न करणार नाही’ अशा अर्थाचं नाव तिला हवं होतं आणि वेष्टनावर ती गरोदर दिसणार होती. 1973 मधला स्पेन तो, हुकूमशहा फ्रँकोचा. रेकॉर्ड कंपनीने नकार दिला आणि एलपी साध्या नावाने आली. त्यातलंच एक गाणं स्पेनच्या यादवी युद्धातल्या मृतांवर होतं, नाव ‘दहा लाख मृत’. शीर्षकातले मृत काढून तिथे स्वप्नं घालावी लागली, तेव्हा कुठे ते बाहेर आलं.

आणि ‘माझा लाडका स्पेन’ हे गाणं. 1975 साल. तिने लिहिलं होतं, हा जिवंत स्पेन, हा मेलेला स्पेन. सेन्सॉरपायी रेकॉर्डवर ते झालं हा माझा स्पेन, हा आपला स्पेन. तुम्ही तेव्हा शाळेत होता. वडील सरकारी नोकरीत. रेकॉर्ड भावाने आणलेली. मूळ ओळी भावाला कुठून कळल्या होत्या कोण जाणे, पण त्या जागेवर आलं की तो आवाज बारीक करायचा आणि तुम्ही दोघं खरे शब्द हळू म्हणायचात. तशाच हळू आवाजात तुम्ही ते मला म्हणून दाखवलेत. वाचनालयात मोठ्याने बोलू नये म्हणून तो आवाज हळू नव्हता, एवढं मला समजलं. त्या वेळी तुमच्याकडे बघवेना.

मी ज्या पिढीत वाढले तिच्यात बंडखोर गायक म्हणजे किंचाळणारा, गिटार आपटणारा. सेसिलियाने आवाज चढवलाच नाही. सुरेल, घरात कुणीही लावू शकेल अशा चालींमधून तिने धर्माचं ढोंग, लग्नातलं एकटेपण आणि युद्धातले मृतदेह रेडिओपर्यंत नेले. माझ्या मते हे किंचाळण्यापेक्षा फार अवघड आहे. पॉप म्हणून तिला बाजूला सारणाऱ्या त्या प्राध्यापकांनी हे एकदा शांतपणे ऐकावं, असं मला कळकळीने वाटतं.

2 ऑगस्ट 1976 बद्दल मी विचारणार नव्हते. तुम्हीच सांगितलंत. विगो शहरातला कार्यक्रम करून ती रात्रीच माद्रिदला निघाली होती. सामोरा प्रांतात कोलिनास दे त्रास्मोंते गावाजवळ, पहाटेच्या अंधारात, दिवा नसलेल्या बैलगाडीवर तिची मोटार आदळली. तिच्यासोबत ड्रमवादक कार्लोस दे ला इग्लेसियाही गेला. तुम्ही सुट्टीत आजोळी होता. रेडिओवर बातमी आली तेव्हा आजी भाजी चिरत होती, तिने रेडिओ बंद केला आणि तुम्ही तो परत लावलात. फ्रँकोला जाऊन वर्षही झालं नव्हतं. ‘आता ती खरे शब्द उघड गाईल असं आम्हाला वाटत होतं,’ असं म्हणून तुम्ही थांबलात आणि चष्मा पुसलात.

ग्रंथालय बंद व्हायची वेळ उलटून गेली होती. पहारेकरी दोनदा डोकावून गेला. दोन्ही वेळा तुम्ही त्याला हाताने थांबवलंत आणि माझ्याकडे वळून पुढे बोलू लागलात. दुसऱ्या दिवशी मासिकांचा गठ्ठा माझ्या टेबलावर तयार होता, चिठ्ठ्या घालून. त्याबद्दल वेगळे आभार. तरी खरं सांगते, त्या गठ्ठ्याशिवाय माझं भागलं असतं, त्या संध्याकाळशिवाय नसतं.

परक्या देशात परक्या उच्चारांत बोलणाऱ्या माणसाला लोक लवकर ओळखतात आणि लवकर टाळतात. त्यात फार दुष्टपणा नसतो, कंटाळा असतो. पण त्या कंटाळ्यापुढे माणूस हळूहळू आपला प्रश्नच लहान करत जातो. मी तेच करू लागले होते, चौकशी दोन वाक्यांत उरकायला शिकले होते. तुम्ही मला माझा प्रश्न पूर्ण विचारू दिलात. आपल्याकडेही अशी माणसं असतात. पोस्टात, रेशनच्या रांगेत, रुग्णालयाच्या केसपेपरच्या खिडकीशी एखादी बाई असते, जी समोरच्या म्हातारीचा कागद स्वतः भरून देते आणि पुढच्याला म्हणते, थांबा जरा. त्यांच्या जागेवर त्यांना कुणी मोठं म्हणत नाही. त्यांच्या जिवावर आमच्यासारख्यांची कामं पुरी होतात, आणि हे आम्ही वेळेवर, मोठ्याने सांगितलं पाहिजे. म्हणून हे पत्र उघड लिहिलं.

लेख पूर्ण झाला आहे. शेवटच्या दिवसांत ती स्पॅनिश लेखक व्हाये-इन्क्लान यांच्या कवितांना चाली लावत होती, त्या भागावर अजून काम करायचं आहे आणि त्याबद्दल तुम्हाला विचारायचंही आहे. तुम्ही लवकरच निवृत्त होणार म्हणालात, तेव्हा घरचा पत्ता कळवा, लेखाची प्रत तिथेच पाठवते. भावाला माझा नमस्कार सांगा. ती रेकॉर्ड त्यांनी अजून जपली आहे ना? पुढच्या खेपेला माद्रिदला आले की ऐकायला नक्की येईन.

तुमची कृतज्ञ,
पुण्याची वाचक